होतकरूंस वाट द्यावी

मुलगा चौदा-पंधरा वर्षांचा झाला कीं त्याच्या खेळण्याविषयीं घरांतील वडील मंडळींत दोन पक्ष पडतात. एक म्हणतो, ‘खेळूं द्या, शरीर सुधारेल’. दुसरा म्हणतो, ‘पुरे झालें, आतां पुस्तक धरूं द्या.’ आम्हीं जन्मभर मुलांना संस्कृत शिकविलें, तेव्हां आम्ही अर्थातच दुसऱ्या पक्षाचे, असें आमच्या घरीं सर्वांनीं गृहीत धरलें आहे. वस्तुस्थिति तशी नाहीं. आणि ती कां नाहीं हें सांगण्यासाठीं हॉलंडांतील एका खेळगड्याच्या आरंभींच्या दिवसांची हकीकत वाचकांपुढें ठेवीत आहों.

या खेळगड्याचें नांव टेउन डी नोयर. त्याचा जन्म २२ मार्च १९७६ रोजीं उत्तर हॉलंडांत, समुद्रकांठाजवळच्या एग्मोंड आन डेन हूफ या लहानशा गांवीं झाला. हॉकीच्या इतिहासांत हें वर्ष मोठ्या उलथापालथीचें होय. त्याच वर्षीं माँट्रिअल येथील ऑलिंपिक सामन्यांत हॉकी प्रथमच गवताऐवजीं कृत्रिम हिरवळीवर खेळली गेली. १९२८ सालीं अॅम्स्टरडॅम येथें हॉलंडचाच ३-० असा पराभव करून ज्या भारतानें आपलें पहिलें सुवर्णपदक मिळविलें होतें, तो भारत माँट्रिअलला सातवा आला. गवतावर चेंडू अडतो, उसळतो. कृत्रिम मैदानावर तो सरळ व वेगानें धांवतो. हॉलंडांतील क्लबांतून अशीं मैदानें पुढें भराभर पसरलीं.

परंतु केवळ मैदानानें खेळाडू घडत नाहींत. त्या देशांतील क्लब हें एक मोठें कुटुंबच म्हणावयाचें. शनिवारीं मुलांचे सामने, रविवारीं मोठ्यांचे. मुलांना शिकविण्याचें आणि पंचांचें काम पुष्कळदां आईबापच हौसेनें करतात. सामना संपला कीं लहानथोर एकाच छपराखालीं बसून खातात-पितात. मुलगा हुशार असो वा सुमार, त्याच्या वयाच्या कोणत्या तरी संघांत त्याला जागा असते. चीजच्या बाजाराबद्दल प्रसिद्ध असलेल्या आल्कमार शहरांतील अशाच एका क्लबांत टेउन हॉकी शिकला. पुढें तो हार्लेमजवळच्या ब्लूमेंडाल क्लबांत गेला. पेनल्टी कॉर्नरवर गोल करण्यांत जगप्रसिद्ध असलेला फ्लोरिस यान बोव्हेलँडर याच क्लबाचा.

४ जून १९९४ रोजीं न्यूझीलंडविरुद्ध टेउन प्रथम देशाच्या संघांतून खेळला. त्या वेळीं त्यास अठरावें वर्ष पुरें होऊन अडीच महिनेहि झाले नव्हते. दोनच वर्षांनीं, १९९६ सालीं, अटलांटा येथें हॉलंडनें अंतिम सामन्यांत स्पेनला ३-१ असें हरविलें. हॉलंडच्या पुरुषांचें हॉकींतील हें पहिलेंच ऑलिंपिक सुवर्ण. त्या संघांत बोव्हेलँडरसारखे मुरलेले खेळाडू होते, आणि त्यांच्या खांद्याला खांदा लावून हा वीस वर्षांचा मुलगाहि होता. १९९८ सालीं उट्रेख्ट येथें विश्वचषकाच्या अंतिम सामन्यांत पुन्हां स्पेनशींच गांठ पडली. बरोबरी झाल्यामुळें जादा वेळ देण्यांत आला. जादा वेळेंत जो प्रथम गोल करील तो विजयी, असा त्या वेळचा नियम होता. तो गोल टेउननें केला, आणि हॉलंड ३-२ असें जिंकलें. तेव्हां त्याचें वय बावीस. या दोन्ही विजयांच्या वेळीं संघाचे शिक्षक होते रूलांट ओल्टमन्स. हेच गृहस्थ पुढें २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्यें भारतीय संघाचे शिक्षक होते.

आम्हांस या हकीकतींत पदकांपेक्षां एक गोष्ट अधिक मोलाची वाटते. ‘अजून लहान आहेस, थांब’ असें म्हणून या मुलास कोणीं कडेला बसविलें नाहीं. आणि कोणी त्याला एकटाहि सोडला नाहीं. थोरांच्या मध्यें उभें करून त्याजवर थोरांचें काम सोंपविलें गेलें. मुलगा सोळा वर्षांचा झाला म्हणजे त्याशीं मित्राप्रमाणें वागावें, असें आपल्या पूर्वजांनीं सांगून ठेविलें आहे. तें आपण पाठ करतों; त्या लोकांनीं तें मैदानावर आचरिलें. हाच टेउन पुढें ४५३ आंतरराष्ट्रीय सामने खेळला. तीनदां, २००३, २००५ व २००६ सालीं, तो जगांतील सर्वोत्कृष्ट खेळाडू ठरला. २०१३ सालीं तो भारतांत येऊन उत्तर प्रदेशच्या संघांतून खेळला. त्याचे सामने आम्हीं दूरदर्शन-संचावर पाहिले. आतां थोर तो होता, आणि त्याच्या भोंवतीं होतीं त्याच्याहून पुष्कळ लहान अशीं आपलीं मुलें.

हें सर्व आज लिहिण्यास घरचेंच कारण घडलें आहे. आमच्या धाकट्या बंधूंचा नातू पंधरा वर्षांचा. हॉकीचा त्यास मोठा नाद. यंदा त्याचें दहावीचें वर्ष, म्हणून त्याची काठी पंधरवड्यापूर्वीं माळ्यावर गेली. तेव्हांपासून पानावर बसून तो कोणाशीं बोलत नाहीं. आम्हीं विषय काढतांच बंधू म्हणाले, ‘‘अण्णा, हा काय ध्यानचंद होणार आहे?’’

बहुधा होणार नाहीं. आल्कमारच्या क्लबांतूनहि टेउन वर्षाकांठीं निघत नाहींत. तेथें खेळलेलीं बहुतेक मुलें पुढें वैद्य, शिक्षक, दुकानदार होतात, आणि शनिवारीं आपल्या मुलांस घेऊन त्याच मैदानावर येतात. मैदान त्या सर्वांसाठीं असतें, म्हणूनच एखादा टेउन त्यांतून निघतो. ध्यानचंद होण्याच्या अटीवरच खेळावयाचें असेल, तर या देशांत कोणत्याच मुलानें काठी हातीं धरूं नये. आणि संस्कृताचार्य होण्याच्या अटीवरच संस्कृत शिकावयाचें असतें, तर आमचा वर्ग जन्मभर रिकामाच राहिला असता.

आमची सूचना एवढीच आहे. पहांटे दोन तास अभ्यास आमच्यासमोर बसून करावा. सायंकाळीं एक तास मैदान, परीक्षेच्या आदल्या महिन्यापर्यंत. निर्णय त्याच्या आईबापांनीं घ्यावयाचा आहे. परंतु तो घेतांना मुलालाहि जवळ बसवून घ्यावें, कारण वर्ष त्याचें आहे. तोंपर्यंत ती काठी निदान माळ्यावरून खालीं काढून ठेवावी.