ठाणे अंमलदाराच्या टेबलापाशी

पळवलेल्या भाच्याला सोडवायला मामा एकटाच निघालाय, अशी मालिका मोबाइलवर लावली की अंबरनाथहून पकडलेली लोकल दादरला कधी पोचली ते मला कळत नसे. ‘पोलिसांत गेलास तर पोरगं जिवंत दिसणार नाही’ असा फोन येतो, मामा कमरेला पिस्तूल खोचतो, आणि मला हायसं वाटायचं. चला, पोलिसांची कटकट मिटली! ‘ब्रीद : इन्टू द शॅडोज’मध्ये मुलीसाठी अभिषेक बच्चनचा बाप मुडदे पाडतो, तेही मी मान्य करून टाकलं होतं.

आता नाही करत.

बदलापूरजवळच्या गोरेगावात 24 मार्च 2024 ला नऊ वर्षांचा एक मुलगा संध्याकाळच्या नमाजानंतर घरी परतला नाही. गाव शोधत होतं, तेवढ्यात वडिलांना 23 लाखांच्या खंडणीचा फोन आला. पोलिसांच्या म्हणण्याप्रमाणे फोन करणारा गावातलाच शिंपी, त्याला घर बांधायला पैसे हवे होते. मालिकेत एवढ्या फोनवर चार भाग निघतात. इथे पोलीस माग काढत त्याच्या घरी पोचले तेव्हा मुलाचा मृतदेह गोणीत होता. मामाने कुठल्या गोदामात शिरायचं होतं?

तरी माझं मत पुरतं फिरलं ते त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये. बदलापूरच्या शाळेतल्या दोन चिमुरड्यांवरच्या अत्याचाराचं प्रकरण अपहरणाचं नव्हतं, पण पालक होते, आणि तक्रार लिहून घेतली जावी म्हणून ते तासन् तास ठाण्यात ताटकळले. 20 ऑगस्टला लोक रुळांवर उतरले, लोकल ठप्प झाल्या, तेव्हा कुठे सगळ्यांना जाग आली. या मालिका पोलिसांची सालटी काढतात असं आपण समजतो. उलट त्या पोलिसांना मोकळं सोडतात. सगळं मामानेच करायचं म्हटल्यावर ठाणे अंमलदाराला जाब कोण विचारणार?

अंधेरीच्या डी. एन. नगर ठाण्यातले सहायक उपनिरीक्षक राजेंद्र भोसले यांच्यावर कुणी मालिका काढली तर मी रात्र जागवीन. त्यांच्या ठाण्याच्या हद्दीतल्या बेपत्ता 166 मुलींपैकी 165 सापडल्या. उरलेली एक, 2013 साली पळवलेली. निवृत्तीनंतरही ते तिला शोधत राहिले. 2022 मध्ये ती सापडली, घरापासून हाकेच्या अंतरावर. तिच्यासोबत काम करणाऱ्या बाईने इंटरनेटवर नाव टाकलं, जुनं पोस्टर निघालं, त्यावरचा एका शेजाऱ्याचा नंबर अजून चालू होता. एकही गोळी सुटली नाही.

आपल्या पट्ट्यात तर हद्दीचाच घोळ. उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर शहर ठाणे आयुक्तालयात, पलीकडची गावं ठाणे ग्रामीणमध्ये, फलाटावर लोहमार्ग पोलीस. ‘आमच्याकडे येत नाही’ हे वाक्य इथे फार सोपं. पण अल्पवयीन मूल हरवलं की अपहरण समजून गुन्हा नोंदवा, असं सर्वोच्च न्यायालयाने 2013 लाच बजावलंय. आणि 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 173 नुसार हद्द कुणाचीही असो, तक्रार घ्यावीच लागते. तेव्हा वेळ आलीच तर 112 किंवा 1098 फिरवा, जवळचं ठाणं गाठा आणि एफआयआरची प्रत हातात पडेपर्यंत टेबलापासून हलू नका. ती फुकट मिळते.