शेजारचा क्रमांक

परवा रात्री आमच्या घरची मंडळी एक चित्रमालिका पाहण्यात इतकी गढून गेली होती, की पानातली आमटी निवली तरी कोणास शुद्ध नव्हती. २०२० साली आलेली ‘ब्रीद : इन्टू द शॅडोज’ ही ती मालिका. तीत एका बापाची मुलगी पळविली जाते आणि तिला परत मिळविण्यासाठी त्याला खून करावे लागतात. खोटे कशाला बोला, आम्हीही ती डोळे विस्फारून पाहिली! गिरगावात वाढलेल्या माणसाला ही चटक बाबूराव अर्नाळकरांनी कधीच लावून ठेवलेली आहे. गिरगावात चष्म्यांचे दुकान सांभाळून या गृहस्थांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या. त्यांचा झुंजार ऐन वेळी येऊन ठाकला, की आम्ही लहानपणी निर्धास्त झोपी जात असू.

पुढे मामा झाल्यावर झुंजार होण्याचा प्रसंग आमच्यावरही आला. लालबागला गणपतीच्या गर्दीत सहा वर्षांच्या भाच्याचा हात सुटला. दोन तास आम्ही वेड्यासारखे धावलो, नवस बोललो, चक्क रडलो. अखेर घरी निरोप द्यावा म्हणून शेजारच्या काकूंना फोन केला. कारण आमच्या बिऱ्हाडी टेलिफोन नव्हता. काकू कडाडल्या, “अरे, पोर पानवाल्याच्या फळीवर बसून बिस्किटे खातंय! तू कुठे आहेस?” भाच्याला काकूंचा क्रमांक तोंडपाठ होता, आणि पानवाल्याने तो फिरविला होता. आमच्या शौर्याचा त्यात काडीचा संबंध नव्हता.

या प्रसंगाची आठवण आम्हांस २०२२ च्या ऑगस्टमध्ये पुन्हा झाली. २०१३ च्या जानेवारीत अंधेरीतून सात वर्षांची एक मुलगी शाळेच्या वाटेवर नाहीशी झाली होती. डी. एन. नगर पोलीस ठाण्याचे राजेंद्र भोसले यांच्याकडे २००८ ते २०१५ या काळात हरवलेल्या १६६ मुलींच्या तक्रारी होत्या; पैकी १६५ सापडल्या, ही एकच राहिली. भोसले २०१५ साली निवृत्त झाले, तरी तिचे छायाचित्र जवळ बाळगून शोध घेतच राहिले. नऊ वर्षांनी ती सापडली, ती घरापासून फारशी दूर नव्हती. तिच्यासोबत काम करणाऱ्या एका बाईने जुने ‘हरवली आहे’ पत्रक शोधून काढले. त्यावरील पाच क्रमांकांपैकी एकच चालू होता, आणि तो एका शेजाऱ्याचा होता!

मालिकेत पालक एकटा लढतो, आणि ते शोभूनही दिसते. पण मूल घरी येते ते पुष्कळांच्या हातांवरून. कोणी निवृत्तीनंतरही फाईल मिटत नाही, कोणी जुने पत्रक धुंडाळते, आणि कोणी नऊ वर्षे आपला क्रमांक बदलीत नाही.

आमची चाळ आता पडली. तिच्या जागी उभ्या राहिलेल्या उंच इमारतीत आम्ही राहतो, पण समोरच्या बंद दारामागील गृहस्थांचे नावही आम्हांस ठाऊक नव्हते. उद्या आमच्याच घरचे कोणी हरवले, तर पत्रकावर दुसरा क्रमांक कोणाचा छापणार? मालिका संपली तेव्हा रात्रीचे अकरा वाजले होते, म्हणून तो विचार सकाळवर टाकला. सकाळी मात्र आम्ही नातीचा हात धरून समोरच्या दाराची घंटा वाजविली.