विटा बसल्या पाहिजेत

घनाकृतींचा धडा सुरू झाला की मी फळ्यावर 'इष्टिकाचिती' लिहितो आणि मुलं लगेच घनफळाचं सूत्र म्हणतात. लातूरला गणित शिकवताना हे दर वर्षी घडतं. नांदेडकडून, कंधार-लोह्याहून आलेली पोरं हुशार आहेत, पण परीक्षेच्या घाईत शब्दाकडे कुणी बघत नाही. इष्टिका म्हणजे वीट, चिती म्हणजे रचलेला ढीग. म्हणून मी वर्गात खऱ्या विटाच नेतो.

जुन्या मापाची वीट 9 इंच लांब, साडेचार रुंद, 3 जाड. एकही वीट न फोडता, सगळ्या एकाच दिशेनं ठेवून लहानात लहान घन रचायचा. तिन्ही मापांचा लसावि 9. लांबीला एक, रुंदीला दोन, उंचीला तीन. सहा विटांत घन उभा. आता एका कोपऱ्यातून समोरच्या टोकाच्या कोपऱ्यापर्यंत आरपार तार घातली, तर ती किती विटांतून जाईल? चार. उरलेल्या दोघींना ती शिवतही नाही. आणि घन 27 इंचांचा असेल तर? दर 9 इंचांनी तार विटांच्या कोपऱ्यांवरच येते, म्हणून चार त्रिक बारा.

आजची प्रमाण वीट 19, 9, 9 सेंटीमीटरची. लसावि 171, घनाला 3,249 विटा! तीच वीट 1 सेंटीमीटरच्या सांध्यासह 20, 10, 10 धरा. लसावि 20 आणि विटा फक्त चार. एवढ्याशा सांध्यानं केवढा फरक पडतो, हे मला आजही थक्क करतं.

भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त (इ. स. 1150) विटांच्या ढिगाचं गणित आहे. वीट 18 अंगुळं लांब, 12 रुंद, 3 उंच. चिती 8 हात लांब, 5 रुंद, 3 उंच. हात 24 अंगुळांचा. उत्तर 2,560 विटा, 24 थर. घनफळानं भागून बघा, बिनचूक येतं. पण एका थरात किती? 106 आणि वर दोन तृतीयांश. विटा आडव्या लावायच्या तर थरागणिक वीट फोडणं आलंच. आचार्यांनी विचारलेली एकूण संख्या त्यांनी अचूक काढली. विटा अखंड बसतील का, हा प्रश्न निराळा आणि तो लसाविचा. 8 हात म्हणजे 192 अंगुळं, 5 हात म्हणजे 120. 18 नं दोन्हींना भाग जात नाही.

हे गणित मी घरी विचारायला सांगितलं होतं. एका मुलीचे वडील गवंडी. दुसऱ्या दिवशी ती म्हणाली, "सर, पप्पा म्हणले, लांबी सहा बोटं वाढवा, एक वीट फुटणार नाही."

आम्ही फळ्यावर मांडलं. लांबी 198, 18 नं भागून 11. रुंदी 120, 12 नं भागून 10. थराला 110 विटा, 24 थरांना 2,640, सगळ्या अखंड.