बनावट चिठ्ठी आणि शहाद्याचा रानपिंगळा

धुळ्यात राजवाडे संशोधन मंडळात तासभर डोकावायचं आणि मग शहाद्याची गाडी धरायची, असा बेत होता. तासाची दुपार झाली. इतिहासकार वि. का. राजवाडे १९२६च्या अखेरच्या दिवशी याच गावात वारले आणि लगेच पुढच्या वर्षी त्यांच्या नावानं हे मंडळ उभं राहिलं. गावोगावची दप्तरं धुंडाळणाऱ्या त्या माणसाचं सारं आयुष्य अस्सल कागदाच्या मागं गेलं. मी निघालो होतो एका बनावट कागदाच्या मागावर. तो कागद म्हणजे इंग्लंडच्या निसर्ग-संग्रहालयात पेंढा भरून ठेवलेल्या एका छोट्या घुबडाच्या पायाला बांधलेली चिठ्ठी.

ते घुबड म्हणजे रानपिंगळा. काँग्रेसच्या स्थापनेत ज्याचा पुढाकार होता, तो अ‍ॅलन ऑक्टेव्हियन ह्यूम हिंदुस्थानातल्या पक्ष्यांचा सर्वांत मोठा संग्राहकही होता. आजच्या छत्तीसगडात १८७२च्या डिसेंबरात ब्लेविट नावाच्या गृहस्थानं मारलेला एक पक्षी त्याच्याकडे आला आणि १८७३मध्ये ह्यूमनं त्याचं वर्णन छापलं, ब्लेविटचंच नाव देऊन. एकोणिसाव्या शतकात या जातीचे जेमतेम सात नमुने जगाच्या हाती लागले. त्यांतले बरेचसे आपल्या खानदेशातले, आणि ते जमवले जेम्स डेव्हिडसन नावाच्या सनदी अधिकाऱ्यानं.

चिमठाणे मागं पडलं, दोंडाईचा आलं. शेजारच्या सीटवरच्या बाबांनी विचारलं, ‘भाऊ, कथा जाई ऱ्हायनात?’ शहादा म्हटल्यावर त्यांना सारंगखेड्याचा घोडेबाजार आठवला आणि तापीचा पूल येईपर्यंत घोड्यांच्या किमती चालू राहिल्या. दत्तजयंतीला नदीकाठी भरणाऱ्या त्या यात्रेत माणसापेक्षा घोड्याला मान. पुलावरून तापी ऐसपैस दिसते. पलीकडे काळी जमीन, ऊस, केळी, पपई आणि उत्तरेला आडवी पडलेली सातपुड्याची निळसर रांग.

डेव्हिडसन इथं आला तेव्हा धुळे, जळगाव, नंदुरबार असे जिल्हे नव्हते. खानदेश हा एकच प्रचंड जिल्हा, ठाणं धुळ्याला. पूर्व आणि पश्चिम अशी फाळणी १९०६ची. जमाबंदीचा साहेब हिवाळ्यात तंबू घेऊन फिरायचा, हे त्या काळच्या कारभाराचं अंगच होतं. या बहाद्दरानं त्या फिरतीत पक्षी जमवले, घरटी आणि अंडी नोंदली, आणि १८८२मध्ये ह्यूमच्या ‘स्ट्रे फेदर्स’ या नियतकालिकात पश्चिम खानदेशातल्या पक्ष्यांची यादी छापली. नावातच त्यानं तिला ‘कच्ची यादी’ म्हटलंय. शहादा-तळोद्याच्या रानात त्याला मिळालेल्या घुबडांच्या चिठ्ठ्यांवर गाव आणि तारीख आहे. साहसकथेला लागणारं काही नाही. पुढं तो कारवारकडे गेला, तिथं फुलपाखरांचं काम केलं आणि निवृत्त होऊन स्कॉटलंडला परतला.

१८८४नंतर रानपिंगळा कोणालाच दिसला नाही. फक्त एका माणसाला दिसला, आणि तो माणूस साहसकथेसाठीच जन्मला होता. कर्नल रिचर्ड माइनर्ट्‌झहागेन. सैनिक, हेर, प्राणिशास्त्रज्ञ, आफ्रिकेपासून हिमालयापर्यंत भटकलेला. आफ्रिकेतल्या महाकाय रानडुकराच्या शास्त्रीय नावात त्याचं आडनाव आहे. पहिल्या महायुद्धात तुर्कांना फसवण्यासाठी खोट्या कागदांची झोळी मुद्दाम शत्रूच्या हाती पडू दिली, ती आपणच, असं तो सांगायचा. त्या श्रेयावरही आता वाद आहे. सुमारे वीस हजार पक्ष्यांचा संग्रह त्यानं ब्रिटिश संग्रहालयाला दिला, आणि त्यात एक रानपिंगळा होता. चिठ्ठीवर लिहिलं होतं: मांडवी, १९१४. ही मांडवी तापीकाठचीच, पण खाली गुजरातेत.

त्याच संग्रहालयानं एके काळी न विचारता नमुने नेल्याबद्दल या गृहस्थाला पक्षी-दालनात दीड वर्ष बंदी घातली होती. तरी संग्रह आला तेव्हा आनंदानं घेतला. मोठ्या नावापुढं मान तुकवण्याची खोड केवळ आपल्याकडचीच नाही.

१९९३मध्ये पक्षी-अभ्यासक अ‍ॅलन नॉक्सनं दाखवून दिलं की कर्नलच्या काही चिमण्यांसारख्या पक्ष्यांच्या चिठ्ठ्या खोट्या आहेत. मग पामेला रासमुसेन आणि नायजेल कॉलर या दोघा पक्षी-अभ्यासकांनी रानपिंगळा क्ष-किरणांखाली धरला. कातडं उसवून नव्यानं भरलेलं होतं. पण पहिल्यांदा भरणाऱ्याच्या हाताच्या खुणा पुऱ्या पुसल्या गेल्या नव्हत्या, आणि तो हात डेव्हिडसनचा होता. कर्नलनं संग्रहालयातलाच खानदेशी पक्षी उचलला, चिठ्ठी बदलली आणि आपला म्हणून परत दिला. चोरी एका पक्ष्याची, पण त्या एका चिठ्ठीनं रानपिंगळ्याच्या मुलखाचा नकाशाच चुकवला. १९७०च्या दशकात पक्षितज्ज्ञ सालिम अली आणि डिलन रिप्ले यांनीही त्याचा शोध घेतला होता. हाती काही लागलं नाही. रिप्ले तर कर्नलचे स्नेही.

रासमुसेन ही रिप्लेंच्याच भारतीय पक्ष्यांच्या ग्रंथावर काम करत होती. मांडवी खोडली तेव्हा उरली ती जुनी, साधी, खरी नावं. १९९७च्या नोव्हेंबरात ती, बेन किंग आणि डेव्हिड अ‍ॅबट आधी पूर्वेकडच्या जागांवर गेले. तिथं निराशा. मग शहादा. २५ नोव्हेंबरच्या सकाळी गावाजवळच्या पायथ्याच्या रानात एका पानगळ झालेल्या झाडावर तो उन्हात बसलेला सापडला. ११३ वर्षांनी. तेव्हा शहादा धुळे जिल्ह्यात होता. नंदुरबार वेगळा झाला तो पुढच्या जुलैत, म्हणून त्या शोधाचं श्रेय धुळेकर अजून सोडत नाहीत, आणि सोडूही नये.

शहाद्याहून तोरणमाळची वाट धरली. राणीपूर सोडल्यावर शेती चढावर संपत जाते आणि साग, सालई, मोह, धावडा सुरू होतात. बरोबर एक पावरा तरुण होता. रानपिंगळ्याची ओळख त्यानं मला पुस्तकी भाषेत दिली नाही. ‘तो साधा पिंगळा घराजवळ राहतो, डोक्यावर ठिपकेच ठिपके. याच्या डोक्यावर ठिपके जवळजवळ नाहीतच. डोकं मोठं, पाय जाड, पांढऱ्या पिसांचे. आणि दिवसा बसतो.’ पुस्तकातही याहून फार वेगळं नाही. सरडे, पाली, उंदीर खाणारं हे घुबड भर उजेडात शेंड्यावर बसून शेपटी हलवतं. इतकं उघड्यावर बसणारं पाखरू शतकभर हरवतं, ते पाखराच्या लपण्यानं नव्हे. या डोंगरातल्या भिल्ल-पावऱ्यांना ते कधी हरवल्यासारखं वाटलंच नसणार. त्यांना कोणी विचारलं नाही, एवढंच.

सातपायरीच्या वळणांवर जीप थांबवून आम्ही दुर्बीण फिरवली. रानपिंगळा नाही दिसला. मोरघार दिसली, मोहाच्या बुंध्यावर सुतार दिसला. खाली उतारावर नव्यानं जाळून साफ केलेले तुकडे दिसले आणि कुऱ्हाडीचा आवाज अधूनमधून येत होता. पोरगा म्हणाला, पोकळी असलेलं जुनं झाड हवं त्याला, आणि जुनीच झाडं आधी जातात. पोटासाठी जमीन काढणाऱ्याला शहरातून आलेल्या माणसानं काय सांगावं? पण घुबडाच्या नखांसाठी, मंत्रतंत्रासाठी त्याला मारतात, त्या मारण्याला मात्र पोटाचं कारण नाही.

१९९७नंतरच्या पाहण्यांत तो तोरणमाळला सापडला, तळोद्याला, मेळघाटात, यावलच्या अभयारण्यात. २०१४मध्ये तर मुंबईजवळच्या तानसात. कर्नलच्या वीस हजार पक्ष्यांचं काय करायचं, हा प्रश्न अभ्यासकांना अजून सतावतो, कारण त्यांतल्या खऱ्या नोंदीही आता पुराव्याशिवाय कोणी धरत नाही. डेव्हिडसनची कच्ची यादी मात्र वापरात आहे.

तोरणमाळला यशवंत तलावाकाठी भाकरी आणि ठेचा खाल्ला. पोरगा म्हणाला, दोन दिवस राहा, नक्की दाखवतो. राहायचं ठरलं. यावलची चोपड्यामार्गे जाणारी गाडी त्यानंतर बघू.