सेंगहेनिदचा हिशेब

गावे कशी वसतात याविषयी आपल्याकडील मनुष्याच्या काही ठराविक कल्पना असतात. नदीचा काठ, कसदार जमीन, एखादे देवस्थान, निदान बाजाराची वाट. यांपैकी काहीतरी आधी असते आणि मग त्याच्या आश्रयाने घरे उभी राहतात. दक्षिण वेल्समधील सेंगहेनिद हे गाव मात्र जमिनीत पाडलेल्या दोन विवरांच्या आश्रयाने वसले. केर्फिली शहराच्या वायव्येस एका अरुंद खोऱ्यात, जेथे तोवर तुरळक शेते व मेंढरांची कुरणे होती, तेथे १८९१ साली कोळशासाठी विहिरीसारखे उभे मार्ग खणण्यास आरंभ झाला. १८९६ पासून कोळसा वर येऊ लागला. घरे, दुकाने, प्रार्थनामंदिरे ही सर्व त्या कोळशामागून आली.

आम्ही तेथे गेलो तेव्हा पाऊस पडत होता. अर्थात वेल्समध्ये ही मुद्दाम सांगण्याजोगी गोष्ट नव्हे. डोंगराच्या उतारावर एकमेकांस चिकटून उभ्या असलेल्या घरांच्या लांबच लांब ओळी पाहून आम्हांस गिरणगावातील चाळींचे स्मरण झाले. डोंगर हिरवेगार होते. ज्या उद्योगाने हे गाव निर्माण केले त्याचा धूर तर नाहीच, पण काळा डागही कोठे दिसत नव्हता.

ह्या कोळशाचे आपल्याशीही एक नाते आहे. वेल्सचा कोळसा धूर थोडा करी व उष्णता पुष्कळ देई, म्हणून आगबोटींना आणि आरमारास तो विशेष प्रिय असे. एडन, मुंबई येथील साठ्यांपर्यंत तो समुद्रमार्गे येई. आपल्याकडील जे तरुण बॅरिस्टर होण्यासाठी विलायतेस गेले, त्यांतील कितीकांच्या आगबोटींच्या भट्ट्यांत असलाच कोळसा जळत असेल. प्रवासवर्णने त्यांनी पुष्कळ लिहिली. परंतु भट्टीत काय जळते आणि ते कोणी खणून काढले, हा प्रश्न डेकवरील प्रवाशास सहसा पडत नाही. आज घरात विजेची कळ दाबताना तो आपल्यालाही पडत नाही.

१९१३ साल हे त्या उद्योगाच्या परम वैभवाचे. दक्षिण वेल्समधून त्या एका वर्षात सुमारे ५ कोटी ७० लाख टन कोळसा निघाला व सव्वादोन लाखांहून अधिक माणसे त्या कामावर होती. त्याच वर्षी १४ ऑक्टोबरच्या सकाळी आठ वाजून गेल्यावर सेंगहेनिदच्या खाणीत स्फोट झाला.

कोळशाच्या थरांतून एक ज्वालाग्राही वायू झिरपत असतो. तो पेटला तर पहिला भडका उडतो. पण खरा संहार त्यानंतर होतो. त्या धक्क्याने जमिनीवरील कोळशाची बारीक धूळ उसळते, तीही पेट घेते, आणि आग बोगद्यामागून बोगदे पार करीत जाते. शेवटी उरतो तो विषारी वायू. हे ज्ञान नवे नव्हते. ह्याच खाणीत १९०१ साली स्फोट होऊन ८१ माणसे मेली होती. १९११ च्या कायद्याने असेही फर्मावले होते की, संकटकाळी खाणीतील हवेचा प्रवाह उलट फिरवता येईल अशी पंख्यांची व्यवस्था करावी. तिची मुदत वाढवून १९१३ च्या सप्टेंबरअखेरपर्यंत देण्यात आली. मुदत संपली, व्यवस्था झाली नाही, आणि पुढे दोनच आठवड्यांनी स्फोट झाला.

त्या वेळी सुमारे ९५० माणसे भूगर्भात होती. पूर्वेकडील बहुतेक वाचली. पश्चिमेकडे आग व धूर यांनी वाट अडवली. सुमारे वीस तासांनंतर अठरा जण जिवंत सापडले तेवढेच. एकंदर ४३९ खाणकामगार आणि त्यांच्या सुटकेसाठी झटणारा एक जण, असे ४४० बळी गेले. त्यांत आठ मुले चौदा वर्षांची होती.

१९१४ साली खटला होऊन व्यवस्थापकास २४ पौंड दंड झाला; कंपनीस पुढे अपिलात १० पौंड. व्यवस्थापकाच्या दंडास मृतांच्या संख्येने भागले तर एका जिवामागे एक शिलिंग आणि एका पेनीहून किंचित अधिक रक्कम येते. हा भागाकार त्याच काळी लोकांनी केला होता. न्यायाधीशाच्या बाजूने असे म्हणता येईल की, कायद्याने जिवांचे मोल ठरवले नव्हते, केवळ नियमभंगाचे ठरवले होते. हे तर्कास धरून आहे. परंतु ज्या कायद्यात नियमभंग आणि मृत्यू यांची कोठेच गाठ पडत नाही, त्यातील नियम पाळण्याची निकड मालकास कशी वाटावी?

स्फोटाच्याच वर्षी, १९१३ च्या नोव्हेंबरात, खाण पुन्हा सुरू झाली, आणि त्याच गावातील माणसे त्याच विवरांतून खाली गेली. त्यांस धीट म्हणावे की लाचार, हे ठरविण्याचा अधिकार आपला नव्हे. गावात दुसरे काम नव्हते.

पुढे १९२८ साली खाण बंद पडली. १९६४ साली उतारूंची आगगाडी थांबली, आणि १९८६ साली शेजारच्या अबरत्रिदुरची खाणही मिटली. ज्या कारणासाठी गाव वसले ते कारणच अशा रीतीने नाहीसे झाले. कोणत्याही अर्थशास्त्राच्या हिशेबाने गावाने उठून जावयास हवे होते. ते गेले नाही. दोन-तीन पिढ्यांत जन्ममृत्यू, लग्ने, भांडणे व प्रार्थना यांनी त्या जागेस असे बांधून टाकले होते की, खाली कोळसा आहे की नाही हा प्रश्न गौण ठरला.

स्फोटास शंभर वर्षे झाली त्या दिवशी, १४ ऑक्टोबर २०१३ रोजी, तेथे वेल्समधील समस्त खाणकामगारांचे राष्ट्रीय स्मारक उघडण्यात आले. जखमी कामगारास आधार देणाऱ्या सोबत्याचा तो कांस्यपुतळा आहे. परंतु आम्ही अधिक वेळ उभे राहिलो ते जवळच्या भिंतीपाशी. तेथे दोन्ही स्फोटांतील मृतांच्या स्मरणार्थ फरश्या बसविल्या आहेत, प्रत्येकासाठी स्वतंत्र. चारशे चाळीस ही संख्या वाचण्यास क्षणही लागत नाही. तितकी नावे वाचावयाची तर बराच वेळ मोडतो, आणि ओळीने एकाच आडनावाची माणसे आली की वाचणारा आपोआप थांबतो. न्यायालयाने एकदा भागाकार केला. गावाने शंभर वर्षांनी एकेक नाव वेगळे लिहून त्याचे उत्तर दिले. त्या उत्तराने कोणी परत आले नाही, हे खरेच. परंतु माणसांचा हिशेब माणसांतच करावयाचा असतो, पौंड-शिलिंगांत नव्हे, एवढे तरी त्या भिंतीने आमच्या मनावर ठसविले.