मधल्या काळात काय खाल्लं?

उलटतपासणीत समोरचा वकील हमखास विचारतो: नोकरी गेल्यापासून आजपर्यंत तुम्ही कसे जगलात? सुरतच्या कामगार न्यायालयात वकिली करताना मला या प्रश्नाची जेवढी धास्ती वाटते, तेवढी कायद्याचं संरक्षण मिळायला लागणाऱ्या 240 दिवसांच्या हजेरीच्या हिशोबाचीही वाटत नाही. माणसाला बेकायदेशीरपणे काढलं हे सिद्ध होतं, कामावर परत घेण्याचा हुकूमही होतो, आणि मागचा पगार मात्र या एका उत्तरापाशी अडकतो.

माझे बहुतेक पक्षकार खानदेशी. धुळे, नंदुरबार, जळगावकडून येऊन लिंबायत, उधना, पांडेसऱ्यात स्थिरावलेले. कोणी सरकारी खात्यात रोजमदार, कोणी अनुदानित शाळेत शिपाई. सुरत कोणाला रिकामं बसू देत नाही. काढून टाकलेला रोजमदार थोड्याच दिवसांत एखाद्या लूमच्या खात्यात रात्रपाळीला उभा राहतो. बायको घरी साड्यांना लेस लावते, धागे कापते. मजुरी रोख, कागद कुठलाच नाही. शपथपत्र करायला बसलो आणि हे विचारलं की तो उलट मलाच विचारतो, "साहेब, पोरं उपाशी ठेवायची होती का?"

कायद्याचं उत्तर आहे, नाही. पण ते सरळ वाटेने आलेलं नाही. इंग्रजी अमलात सरकारी नोकराचा पगार म्हणजे राजाची मर्जी, त्यासाठी दावा लावता येत नाही, असं मानत. ही समजूत सर्वोच्च न्यायालयाने 1954 मध्ये, बिहारच्या एका पोलीस फौजदाराच्या खटल्यात मोडली. मग 1978 मध्ये हिंदुस्तान टिन वर्क्सच्या निकालाने कामगारांसाठी रूढ नियम सांगितला: बडतर्फी बेकायदेशीर ठरली की साधारणपणे पूर्ण मागील पगार, आणि तो का देऊ नये हे मालकाने दाखवायचं. 1984 मधला राजिंदरकुमार किंद्रा यांचा खटला मला विशेष प्रिय. नोकरी गेल्यावर ते कुटुंबासह सासऱ्यांकडे राहत आणि सासऱ्यांच्या कोळशाच्या वखारीत मदत करत. ती कमाईची नोकरीच आहे, असं मालकाच्या बाजूने मांडलं गेलं. सर्वोच्च न्यायालय संतापलं: असं असेल तर उद्या पोटासाठी भीक मागणाऱ्यालाही तुम्ही नोकरदार म्हणाल!

पुढे वारं फिरलं. 2005 नंतरच्या काही निकालांनी, आपण बेकार होतो हे आधी नोकराने सांगावं आणि दाखवावं, असा सूर धरला. खालच्या न्यायालयांत त्याचा परिणाम असा झाला की कामावर घ्या, पण मागचा पगार शून्य किंवा वीस-पंचवीस टक्के, असे हुकूम सर्रास होऊ लागले. टक्का कुठून आला, हे हुकुमात शोधूनही सापडत नसे.

हे थांबवण्याचा प्रयत्न 2013 मध्ये औरंगाबादच्या एका प्राथमिक शिक्षिकेच्या खटल्यात झाला. शाळेच्या इमारतीवरच्या करासाठी दरमहा पैसे द्यायला तिने नकार दिला, आणि आधी निलंबन, मग 2007 मध्ये बडतर्फी पदरी पडली. शाळा न्यायाधिकरणाने 2009 मध्ये पूर्ण पगारासह परत घ्यायला सांगितलं. उच्च न्यायालयाने पगाराचा भाग कापला. सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा जोडला. दीपाली गुंडू सुरवसे या नावाने ओळखला जाणारा हा निकाल आज देशभर दाखवला जातो. वकील मंडळी त्यातलं एक वाक्य मात्र घाईत ओलांडतात. नोकराने इतकंच सांगायचं आहे की तो बेकार होता, किंवा कमी पगारावर काम करत होता. हे सांगितलं की त्याला तेवढाच पगार दुसरीकडे मिळत होता, हे सिद्ध करण्याचं ओझं मालकावर जातं.

'किंवा कमी पगारावर' हे शब्द सुरतसाठीच लिहिलेत असं मला वाटतं. आमच्याकडच्या दाव्यांत वर्षानुवर्षं एकच साचा चालतो: अर्जदार आजतागायत पूर्ण बेकार आहे. हे खोटं असतं, आणि ते साक्षीदाराच्या पिंजऱ्यात पाच मिनिटंही टिकत नाही. बरं, ते फुटल्याने नुसता पगार जात नाही. हजेरीबद्दलच्या त्याच्या खऱ्या शब्दावरचाही विश्वास जातो, आणि रोजमदाराकडे बहुधा स्वतःच्या शब्दाखेरीज दुसरा पुरावा नसतो. मस्टर खात्याच्या कपाटात! त्यापेक्षा लूमवर किती मिळत होतं ते शपथेवर लिहा. जुन्या औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम 17-ब मध्येही, अपील चालू असताना शेवटचा पगार नाकारायचा तर नुसती दुसरी नोकरी पुरत नव्हती. मोबदला पुरेसा असावा लागे.

खोटं फक्त नोकराच्याच बाजूने नसतं. सरकारी संस्था किती सहज दोन तोंडांनी बोलतात, हे एसटीच्या एका चालकाच्या खटल्यात दिसलं. 1996 मध्ये अपघात झाला. नुकसानभरपाईच्या खटल्यात महामंडळ म्हणालं, चूक समोरच्या ट्रकची; आणि चालकाला मात्र निष्काळजी ठरवून बडतर्फ केलं. 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याला 75 टक्के मागील पगार दिला. तोवर त्याचं निवृत्तीचं वयही उलटून गेलं होतं.

रोजमदाराचं दुखणं वेगळं. बीएसएनएल विरुद्ध भुरुमल या 2013 च्या निकालाप्रमाणे, केवळ नोटीस आणि भरपाई दिली नाही म्हणून काढणं बेकायदेशीर ठरलं, तर बहुधा परत घेण्याऐवजी एकरकमी पैसे मिळतात. त्या खटल्यात पंधरा वर्षं काम केलेल्या माणसाला तीन लाख मिळाले. मला हे पटत नाही. नोटीस न देणं सरकारी खात्याला इतकं स्वस्त पडत असेल तर ते नोटीस कशाला देईल? पण त्याच निकालात एक फट आहे: याला काढून त्याच्या मागून आलेल्यांना ठेवलं असेल, तर परत घेण्याचा हुकूम होऊ शकतो. म्हणून माझा पहिला प्रश्न असतो, तुझ्या मागून लागलेले कोण कोण अजून कामावर आहेत?

नोव्हेंबर 2025 मध्ये औद्योगिक संबंध संहिता लागू झाली आणि बडतर्फीविरुद्ध दाद मागण्याची मुदत तीन वर्षांवरून दोनवर आली. नोकरी गेली की आमची माणसं आधी नगरसेवकाकडे जातात, मग साहेबाच्या घरी, मग गावाकडच्या ओळखीतल्या पुढाऱ्याकडे. माझ्या कार्यालयाचा जिना चढेपर्यंत त्यातलं वर्ष-दीड वर्ष संपलेलं असतं.