निखाऱ्यावरची नाती

नातं कसं लावायचं हे मराठी माणसाला शिकवावं लागत नाही. पुण्याहून निघालेल्या गाडीत समोरच्या अनोळखी गृहस्थाला 'तुमचं मूळ गाव कुठलं हो?' एवढं विचारलं, की कर्जत येईपर्यंत तो आपल्या मावसबहिणीच्या नणंदेचा दीर निघतो. साहेबाकडे सगळ्यांना मिळून एकच 'कझिन'. आपल्याकडे चुलत, आते, मामे, मावस, आणि प्रत्येकात पुन्हा भाऊ-बहीण, म्हणजे झाले आठ! अशा माणसाला नाती जोडण्याचे धडे संगणकाकडून घ्यावे लागावेत, हा काळाचा महिमा.

झालं काय, आमच्या घराण्याच्या कुलवृत्तांताची नवी आवृत्ती छापायची नाही, संगणकावर करायची असं ठरलं आणि ते काम माझ्या पुतणीच्या गळ्यात पडलं. कोण कोणाचा कोण, हे सांगायला शेजारी मी. तिने त्यासाठी जावास्क्रिप्टचं एक फ्रेमवर्क घेतलं, म्हणजे तयार सांगाडा. त्याचं नाव एंबर, जन्म २०११ चा. एंबर म्हणजे निखारा. भाऊबंदांचं काम निखाऱ्यावरच व्हायचं, तेव्हा नाव मला लगेच पटलं.

त्यात आधी 'व्यक्ती' म्हणजे काय ते लिहायचं. नाव, गाव, जन्मसाल. इथवर ठीक. मग नाती, आणि ती म्हणे दोनच प्रकारची! 'बिलाँग्ज टू' म्हणजे अमका अमक्याचा, आणि 'हॅज मेनी' म्हणजे अमक्याला पुष्कळ. मुलगा वडिलांचा, वडिलांना मुलं पुष्कळ. आमच्या आजोबांच्या काळाला तर दुसरा प्रकार अगदी चपखल.

खरी गंमत पुढे आहे. प्रत्येक नात्याची 'इन्व्हर्स', म्हणजे उलट बाजू, सांगावी लागते. 'वडील' या नात्याची उलट बाजू 'मुले'. एवढं सांगितलं की मुलाच्या नोंदीत वडील घालताच वडिलांच्या नोंदीत मूल आपोआप हजर. पूर्वीच्या आवृत्त्यांत ही उलट बाजू यंत्र अंदाजाने ओळखायचं. आता अंदाज बंद, स्पष्ट लिहा. उलट बाजू नसेल तर तेही लिहा, 'इन्व्हर्स नल'. म्हणजे याने त्याला ओळखायचं, त्याने याला नाही. असे दोन-तीन मंत्री माझ्याही ओळखीचे आहेत.

शिवाय नातं मागितल्यावर आणायचं असेल तर 'असिंक' म्हणायचं. मग हातात आधी पडतं ते 'प्रॉमिस', म्हणजे नुसतं वचन; माणूस मागाहून येतो. आमच्या मुंबईच्या नातेवाइकांचं असंच आहे, फक्त माणूस येत नाही.

घोडं अडलं ते आईपाशी. 'मुले' ही बाजू 'वडील'शी जोडून झाली होती. तीच पुन्हा 'आई'शी जोडता येईना. एका बाजूला जोड एकच. कुलवृत्तांत समितीचे अध्यक्ष आमचे बापूकाका. ते म्हणाले, "मग आईपुढे तुझं ते नल लिही. जुन्या पुस्तकात तसंच होतं की."

आणि होतं खरंच तसं! मुलाच्या माहितीत आईचं नाव होतं, आईच्या माहितीत मूल नव्हतं. लेकींना तर तेवढंही नाही. नाव, कंसात सासरचं आडनाव, पूर्णविराम. फांदी संपली.

"म्हणजे बापूआजोबा, मुलाला आई आहे, पण आईला मूल नाही?" पुतणीने विचारलं. उत्तराची वाट न पाहता तिने 'वडील' आणि 'आई' दोन्ही पुसून एकच 'आईवडील' केलं, 'हॅज मेनी'. समोर 'मुले', तेही 'हॅज मेनी'. एकमेकांची उलट बाजू. चुलत-मावस कुठेच लिहायचे नाहीत. आईवडील नीट लिहिले की भावंडांपासून सगळे कझिन त्यातूनच काढता येतात.

संध्याकाळी आत्या आली. वय ८६. पंचविशीत विधवा होऊन माहेरी आलेली, आणि याच घरात शिवणयंत्र चालवून तीन मुलं मोठी केलेली. छापील पुस्तकात तिच्या वाट्याला अर्धी ओळ होती. तिने पडद्याजवळ चष्मा नेला, आपल्या नावाखालची तीन नावं बोटाने मोजली, पुन्हा मोजली. "धाकट्याची वेलांटी चुकलीय," म्हणाली, आणि ती दुरुस्त होईपर्यंत उठली नाही.

बापूकाका मात्र अस्वस्थ होते. त्यांचं आणि थोरल्या काकांचं १९८१ पासून बोलणं नाही, कारण विहीर. हळूच पुतणीला म्हणाले, "माझ्या पानावर ते आमचे बंधुराज दिसतात. तेवढं नातं काढून टाक."

"आजोबा, ते नातं कुठे लिहिलेलंच नाही. दोघांच्या आईवडिलांच्या जागी तीच दोन नावं आहेत, म्हणून दिसतं. काढायचं तर आईवडील काढावे लागतील. कुणाचे काढू, तुमचे की त्यांचे?"

बापूकाकांनी टोपी काढली, झटकली, पुन्हा घातली.

"मग त्याचा फोटो तरी बरा लाव," ते म्हणाले. "माझ्या लग्नातला आहे माझ्याकडे."